घोंगडं नावाची फाईल

तव्यावर भाकरी व्हती, तवा रंजना वर येताना दिसली. रंजना म्हंजी आमच्या वाड्यांची आशाताई. लसीच्या दिवशी येती, न्हाईतर कुणी बाळंतीण असली तर येती. त्या दिवशी दोन्हीतलं काय बी न्हवतं. चढावर ती कधी थांबत न्हाई, पर त्या दिवशी करवंदीच्या जाळीपाशी उगंच थांबली, पदर सारखा केला आन् परत चालायला लागली. मी चुलीपुढनं बगत व्हते. दारात आली आन् पायातलं न काढताच म्हणाली, "मावशी, भाकरी राहू द्या. खाली चला."

"कुठं?"

"नसरापूरला. मंगलताईला गाडीत बरं वाटंना झालं. दवाखान्यात नेलंय."

तिचं तोंडच सांगत व्हतं... म्या इचारलं, "तू बगितलंस का तिला?"

"न्हाई मावशी. फोन आला."

"मग आता वाटंनं काय बोलू नकोस. मी बगते."

तवा खाली घेतला, इस्तवावर राख वडली, शेरडं शेजारी सांगितली आन् निघाले. वेल्ह्यापतुर चालत, तितनं कुणाच्या तरी टेम्पोत. रंजनानं माझा हात धरला व्हता, पर बोलली न्हाई. आइकलं तिनं माझं. दवाखान्यात एका खोलीत चादर व्हती आन् चादरीच्या बाहेर एक पाय... टाचेला जुना वण. ल्हानपणी विळ्यावर पाय पडला व्हता, त्यो. मग तोंड बगितलं. बगितलं म्हंजी बगितलं. त्याच्या पुढं मला कुणी काय सांगायची गरज उरली न्हाई. दवाखान्यातली बाई म्हणाली, एसटीतच छातीत कळ आली, कंडक्टरनं गाडी आडवी लावून उतरवली, समद्यांनी हात लावला, पर येईपतुर गेल्याली व्हती. कुणाचा दोष न्हाई. तिला वर वाडीवर आणली, तिच्या आबाला जितं माती दिली तितंच शेजारी तिला बी दिली.

मंगल माझी एकुलती लेक. तिच्या आधी दोन झाली, ती ऱ्हायली न्हाईत. मला लिवता येत न्हाई. ह्ये मी बोलते ते तिच्या हापिसातल्या शर्वरीनं लिवून घेतलंय. ती म्हणाली, मावशी, पेपरात देऊ, मंगलताईचं काम कुणाला ठावकी न्हाई. म्या म्हणलं, दे, पर माझं बोलणं सरळ करत बसू नकोस. मंगल पुण्यात वीस-पंचवीस वर्सं ऱ्हायली, पर दारात पाय ठिवला की "आये, काय करतीस गं" असंच बोलायची.

आमची वाडी वेल्ह्याच्या वर, तोरण्याच्या अंगाला. चार घरं व्हती, आता दोनात चूल पेटती. शेरडं आन् म्हशी, एवढंच आमचं. पावसात नाचणी. मंगल ल्हान असताना दुधाची किटली घिऊन खाली उतरायची, किटली वेल्ह्यात द्यायची आन् तितनंच शाळंत जायची. पावसात दप्तर डोईवर आन् किटली छातीशी. चौथी-पाचवी झाल्यावर तिच्या बाईंनी भोरच्या वसतिगृहात घातली. पोचवून आलं तवा मालक, म्हंजी मंगलचा आबा, दिवसभर नुसतं दावं वळत बसलं. घरात इतकी दावी झाली की बांधायला जनावर न्हवतं. मला रडाया सवड न्हवती, दूध आता मलाच उतरवायचं व्हतं. पोरगी भोरात शिकली, मग पुण्याला गेली, कंप्युटर शिकली. लगीन केलं न्हाई. लोकं बोलली, मी बी बोलले. इचारलं की म्हणायची, "आये, मला सांभाळायला दोन म्हाताऱ्या हायेत. एक तू, एक तुजी म्हस. तिसरा नवरा कुठं बांधू?"

तिचं काम काय, ते मला लई वर्सं कळलं न्हाई. ती म्हणायची, आमी लायब्ररी करतो. म्या म्हणलं मग पुस्तकं कुठायत? हसली. म्हणाली, पुस्तकं न्हाईत गं, सुताराची पेटी असती ना, तसं. बारक्या बारक्या फायली करायच्या, आन् ज्याला लागंल त्यानं त्यातली उचलून आपल्या कामाला लावायची. एका दिवाळीला ती आली व्हती. आमी पडवीत वाल सोलत व्हतो, मालक खांबाला टेकून बसलं व्हतं. म्या म्हणलं, आज नीट सांग. तशी तिनं सोललेल्या वालाच्या दोन ढिगल्या केल्या.

"आये, समज, ही आपली शेरडं. किती हायेत, कुठली गाभण, कुठली आजारी, ह्ये समदं तुझ्या डोक्यात हाय. तसंच्या तसं आबाच्या डोक्यात बी हाय. दोघांकडं एकच नक्कल. आता आबा गेला रानात, चार दिस आला न्हाई. हितं तू एक करडू विकलंस. तिकडं एक शेळी याली. आता आबा घरी आला. तू म्हणतीस एवढी, त्यो म्हणतो तेवढी. खरं कुणाचं?"

"मालकाचं," मालकच म्हणालं.

"बग, ही एक फाईल झाली. मोठ्या हापिसाचं खरं, बारक्याचं खोटं. अशी असती एक."

"आन् दुसरी?" म्या इचारलं.

"दुसरीत जो शेवटी बोलला त्याचं खरं."

"म्हंजी तुज्या पारूआत्यावानी," मालक म्हणालं. "तिच्या मागनं कुणाला बोलायला घावतंय का?"

मंगल इतकी हसली की वाल सांडलं. म्हणाली, आबा, जगातली निम्मी यंत्रं पारूआत्याच्याच नियमानं चालत्यात. मग तिसरी सांगितली, त्यात दोघांकडचं मिळवायचं, म्हंजी विकल्यालं वजा आन् याल्यालं बेरीज. चौथीत ज्याचा आकडा मोठा त्याचं. तिच्या हापिसात म्हणं मोठमोठ्या दुकानांच्या, कारखान्यांच्या अशा नकला गावोगाव ठेवत्यात. मधी तार तुटती, मग दोन्हीकडं येगयेगळं लिवलं जातं, आन् तार जोडली की दोन्ही म्हणत्यात माजंच खरं. शर्वरी ह्याला रेप्लिकेशन म्हणती. ते भांडण मिटवायची फाईल मंगल लिवायची. मालक म्हणालं, "म्हंजी तू पंच झालीस की गं पोरी." ती म्हणाली, "व्हय आबा, पर मानपान न्हाई. जेवणाची पंगत न्हाई. कुणाला कळतबी न्हाई आमी बसलोय म्हणून."

त्याच्या पुढल्या सालात मालक गेलं. तापानं. मंगल मला पुण्याला घिऊन गेली. वरच्या मजल्यावर खोली, खिडकीतनं दुसऱ्याची खिडकी. ती कंप्युटरपुढं बसायची आन् मी पलंगावर बसून तिच्या पाठीकडं बगायचे. तिची पाठ तिच्या आबासारखी, एका खांद्याला वाईच उतरल्याली. दिवसभर तेवढीच बगायला. म्हैना निघाला, मग म्या म्हणलं मला माझ्या घरी सोड. ती एसटीत माझ्याशेजारी बसून आली, एक रात ऱ्हायली, आन् जाताना मला मोबाईल दिऊन गेली.

ती गेल्यावर, म्हंजी आता गेल्यावर, दिवस घातलं तवा शर्वरी पैल्यांदा वाडीवर आली. शहरातली पोर, चढून चढून लाल झाल्याली. जेवणं झाली, पाव्हणं उतरलं. ती मागं ऱ्हायली. माझ्याशेजारी बसून म्हणाली, "मावशी, एक विचारू? मंगलताईनं लिहिलेल्या सगळ्या फाईलींची नावं इंग्रजीत आहेत. एकीचंच नाव आहे घोंगडं. आम्ही विचारायचो तेव्हा ती नुसती हसायची. ती फाईल आता किती तरी लोक वापरतात, परदेशातले पण. कुणालाच माहीत नाही घोंगडं का."

मला तवर रडू आलं न्हवतं. तवा बी आलं न्हाई. मंगलनं मला कधी सांगितलं न्हवतं. पर मला लगीच कळलं.

मंगल तवा पाच-सहा वर्साची आसंल. आखाडाचा पाऊस. मालक शेरडं घिऊन वरच्या पठारावर गेल्यालं, आन् मागनं असा पाऊस लागला की ओढा दारापतुर वाजायला लागला. दुसऱ्या दिवशी बी आलं न्हाईत. तिसऱ्या दिवशी पल्याडच्या वाडीचा एक गडी आला, म्हणाला, ओढ्यात त्यांचं घोंगडं वाहताना बगितलं, काळं, लाल काठाचं. बास. वाडी गोळा झाली. पारूवन्सं, म्हंजी मालकांची बहीण, दारातच गळा काढून बसली. बायका माझ्याजवळ आल्या. एकजण म्हणाली, बाई, आता कुकू पूस. मंगल माझ्या लुगड्याला धरून मागं उभी व्हती.

म्या त्या गड्याला पुढं बोलावलं. "तू काय बगितलंस?"

"घोंगडं, वैनी."

"मालक बगितलंस का?"

"न्हाई, पर घोंगडं..."

"घोंगडं वाहिलं आसंल. मग ते घोंगडं मेलं. माणूस ज्यानं बगितला आसंल त्यानं यावं आन् मला सांगावं. तवर माझ्या कपाळाला कुणी हात लावायचा न्हाई."

बायकांना राग आला. पारूवन्सं म्हणाली, भाऊ माझा गेला आन् हिला तोऱ्याची पडलीय. पर आमच्यात रीतच हाय तशी. एखादं शेरडू सांजचं आलं न्हाई तर मेलं म्हणत न्हाईत. ज्यानं डोळ्यानं बगितलं त्यो सांगंल, आन् ते बी घरातल्या माणसापुढं येऊन सांगंल. शेरडाला जी रीत ती माझ्या नवऱ्याला का न्हाई? म्या चूल पेटवली, त्यांच्या वाटणीची भाकरी केली, मंगलला खायला घातली.

पाऊस वसरल्यावर मालक आलं. पानशेतच्या अंगानं डोंगर फिरून, शेरडं समदी संगं. अंगावर नुसतं पोतं. दारात गर्दी बगून म्हणालं, "कुणाचं काय झालं?" पारूवन्सं तितंच मटकन बसली. आन् मंगल, माझ्या मागनं बाहीर येऊन काय म्हणाली आसंल? "आबा, तुमी न्हाई मेला. तुमचं घोंगडं मेलं."

ह्ये म्या शर्वरीला सांगितलं. ती म्हणाली, मावशी, आता कळलं ती फाईल अशी का आहे. तिनं सांगितलं त्ये असं. हापिसातल्या समद्यांचं म्हणणं व्हतं, शेवटचं आलं ते खरं धरावं, सोपं पडतं. मंगल म्हणायची, आकड्याला धरा, भावाला धरा, मालाला धरा. पर एक नक्कल म्हणती माणूस हाय आन् दुसरी म्हणती न्हाई, तितं यंत्रानं ठरवायचं न्हाई. घरच्या माणसाला इचारायचं, आन् ते सांगंपतुर थांबायचं. लोकं म्हणायची, किती दिवस थांबायचं? ती म्हणायची, त्याला लागतील तेवढं. ह्यावरनं हापिसात लई वाजलं, म्हणं. तिनं माघार घेतली न्हाई. आन् आणिक एक केलं. जे निवडलं न्हाई ते बी फेकायचं न्हाई, मागं ठिवायचं. शर्वरीनं तिला इचारलं व्हतं, चुकीचं कशाला ठेवायचं? तर म्हणाली, "चुकीचं असलं तरी कुणीतरी मनापासून लिहिलेलं असतं गं."

तीच फाईल तिनं आमच्या वाड्यांच्या ॲपात बी घातली. ह्ये ॲप तिनं सुट्टीत बसून आमच्यासाठी केलं. शेरडांचा डाक्टर वर येतो, त्याला कुठल्या वाडीत काय आजार हाय ते कळावं, आन् पावसात कोण घरी, कोण रानात, ते खाली कळावं. वाडीवर रेंज न्हाई. ज्याच्या त्याच्या मोबाईलात ज्याचं त्याचं लिवून ऱ्हातं, आन् आमी कातळावर चढलो, तितं रेंज लागती, की समद्यांचं एकमेकांना जाऊन मिळतं. मला वाचता येत न्हवतं, तर तिनं कोळसा घिऊन कुडावर तीन शब्द काढलं. घरी. रानात. गावाला. रोज गिरवायचं. मी सारवताना अजून तेवढी जागा सोडते. एकदा माझी एक शेळी माझ्या फोनात रानात आन् शेजारच्या फोनात बिबट्यानं नेलेली, असं झालं. फोननं मला इचारलं, कोणतं खरं? मंगलनं सांगितलं, दोन शब्दांची दोन बटनं, आन् खाली लांबडं बटन हाय ते "नंतर सांगते" म्हणून. बगितलं नसलं तर ते दाबायचं. म्या जाऊन बगितलं. बिबट्याचंच खरं व्हतं.

आमच्या घराच्या पानावर तिनं दोन नावं घातली व्हती, माझं आन् तिचं. तिच्यापुढं कायम "गावाला" असायचं. ती यायची म्हणली की मी "घरी" करायचे. ती पुण्यातनं निघाली की तिची भाकरी धरायची, तसंच फोनात बी धरायची. ती म्हणायची, आये, पोचल्यावर लाव ना. मी म्हणायचे, निघालीस म्हंजी आलीस.

त्या दिवशी सकाळी मी कातळावर व्हते. तिचा फोन आला. पावसाआधी पडवीला प्लास्टिकचा कागद लावायचा म्हणून येत व्हती. "आये, बसले बग गाडीत. चेलाडीच्या फाट्यावर वडापाव खाऊ का तुज्या भाकरीसाठी पोट ठिवू?" म्या म्हणलं, "ठीव." घरी आले, चूल पेटवायच्या आधी फोन काढला, तिच्या नावावर बोट ठिवलं, "घरी" केलं. मग पीठ मळायला घेतलं...

ती गेल्यावर किती तरी दिस मी कातळावर गेलेच न्हाई. फोन करायला उरलं व्हतं कोण? मग एकदा शेरडं आपसूक तिकडं चढली, त्यांच्या मागं मी. कमरंच्या पिशवीत फोन वाजला. मला वाटलं... काय वाटलं ते सांगत न्हाई. काढून बगितला. मंगलचं नाव. त्याच्याखाली दोन शब्द. एक मला येत व्हता, घरी. दुसरा तिनं शिकवल्याल्या तिनातला न्हवता. मी कातळावर बसले आन् अक्षर अक्षर लावलं, म मंगलचा, त रानातला, मधलं अंदाजानं. म... य... त. रंजनानं खाली तिच्या फोनात लावलं व्हतं. तिचं कामच हाय ते, तिनं बरोबर केलं. शर्वरी मला मागनं म्हणाली, मावशी, दुसरी कुठली फाईल असती तर तिनं तुम्हाला विचारलंच नसतं. रंजनाताईंचं नंतरचं आहे म्हणून तेच घेतलं असतं, तुमचं पुसलं गेलेलं कळलंसुद्धा नसतं.

कोणतं खरं, फोन इचारत व्हता. आन् मला तर समदं ठावकी व्हतं. कुणी घोंगडं बगून सांगितल्यालं न्हवतं. म्या टाच बगितली व्हती, तोंड बगितलं व्हतं. माझ्याच रीतीनं सांगायचं मलाच व्हतं. म्या खालचं लांबडं बटन दाबलं.

दुसऱ्या दिवशी परत गेले. परत इचारलं. परत तेच दाबलं. मग रोजचंच झालं. आधी आधी लोकं इचारायची, कसं झालं, काय झालं, जेवली व्हती का. दिवस झाल्यावर इचारायचं थांबत्यात, त्यांची बी कामं असत्यात. शेजारची समोरनं आली तर शेरडांचं बोलती, तिचं नाव काढत न्हाई, मला दुखंल म्हणून. मंगलचं नाव घिऊन मला काय इचारणारं एवढंच उरलं व्हतं. तिनंच केल्यालं. मी चढून जायचे, ते इचारायचं, मी नंतर म्हणायचे आन् उतरायचे. बरं वाटायचं असं न्हाई. पर जायचे.

मग पाऊस लई झाला. डोंगराला भेग गेली म्हणून खालनं दोन माणसं आली, वरच्या वाड्यांतली माणसं शाळंत न्यायला. नवीन व्हती, आमच्यातलं कुणाला वळखत न्हवती. एकाच्या हातात फोन, प्लास्टिकात गुंडाळल्याला. "आजी, चला, लवकर. घरात दोन दाखवतंय. दुसऱ्या कुठायत?"

मी शेरडं सोडत व्हते. त्यो म्हणाला, "मंगल नाव आहे. अजून ठरलेलं नाही असं दाखवतंय. रानात गेल्यात का?" मी दावं सोडत ऱ्हायले. त्याचा जोडीदार थांबला न्हाई, पावसात घराच्या मागं गेला. आन् तितनं हाक आली.

"मंगलताई! ओ मंगलताई!"

किती दिसांनी वाडीत कुणी तिला हाक मारली. मी तशीच उभी ऱ्हायले. खोटं कशाला सांगू, दुसरी हाक आइकायला उभी ऱ्हायले. दुसरी आली, पर लांबनं आली. त्यो खाली ओढ्याच्या वाटंला लागला व्हता. ओढा त्या दिवशी तसाच वाजत व्हता, मालकांच्या येळंला वाजला तसा. कुणाचा तरी ल्योक, कुणाचा तरी नवरा, माझ्या फोनातल्या एका शब्दापायी त्या पाण्यात उतरत व्हता. म्या दावं टाकलं आन् धावले. ह्या वयात धावले.

"माघारी ये रं बाबा! ती न्हाई तितं!"

"मग कुठायत?"

"ती न्हाई," म्या म्हणलं. "गेली ती. म्या डोळ्यानं बगितलंय."

त्यो वर आला, भिजल्याला, गुडघ्यापतुर चिखल. रागावला आसंल. त्यानंच माझं एक करडू खांद्यावर घेतलं.

शाळंत रेंज व्हती. पोचल्या पोचल्या फोननं इचारलं. बाकी बायका लुगडी पिळत व्हत्या, कुणी चहाचं बगत व्हतं. मी भिंतीकडं तोंड करून बसले, दोन्ही शब्द परत वाचलं, आन् तिनं न शिकवलेला शब्द दाबला. फोनवर एक बारकी ओळ आली. रंजना शेजारी व्हती, तिनं वाचून दाखवली. घरात एक माणूस. रंजनानं माझ्या पाठीवर हात ठिवला. म्या म्हणलं, चहात साखर कमी टाकायला सांग.

भेग बुजवल्यावर आमी वर आलो. कागद म्या आन् शेजारणीनं लावला पडवीला, वाकडा लागलाय, मंगल लावायची तसा न्हाई. कातळावर जाते अजून, शेरडं जात्यात म्हणून. फोन इचारत न्हाई आता. सांगितलं ना मी, मग कशाला इचारंल. पैल्या दिवशी लई येळ हातात धरून बसले, मग पिशवीत घातला.

शर्वरी आता ह्ये लिवून घ्यायला आली तवा म्या तिला म्हणलं, मंगल म्हणायची ना, निवडलं न्हाई ते बी मागं ठिवायचं. मग माझं कुठं ठिवलंय? तिनं फोन घेतला आन् दाखवलं. नावावर बोट ठिवायचं, वाईच दाबून धरायचं, मागलं पान वर येतं. चार-पाच बार माझ्याकडनं करून घेतलं.

आता सांजचं शेरडं कोंडली की मी फोन काढते. वाडीत रेंज न्हाई, पर ह्या कामाला रेंज लागत न्हाई. दाबून धरते. पान येतं. मंगल, आन् तिच्यापुढं म्या त्या सकाळी लावल्यालं, पीठ मळायच्या आधी, घरी. कुडावर गिरवल्यालं तसंच हाय, जरा बारीक. मी ते मोठ्यानं वाचते. घरात दुसरं कुणी न्हाई, त्यामुळं कुणाची झोपमोड होत न्हाई.